मैदान सुटल्यानंतरची वर्षे

दोन वर्षांपूर्वीच्या पावसाळ्यात एक काका-काकू माझ्या दवाखान्यात आले. काका शहात्तर वर्षांचे. तक्रार नेहमीचीच होती, उजवा गुडघा. तपासणी झाली, औषधे लिहून दिली. काका बाहेर चपला घालत असताना काकू क्षणभर मागे थांबल्या आणि हळू आवाजात म्हणाल्या, "डॉक्टर, हे परवा शिवार चौकातून घरी यायला वाट चुकले. रोजचा रस्ता आहे हो." मग जरा घुटमळून त्यांनी विचारले, "हे तरुणपणी फुटबॉल खेळायचे. मुलानं व्हॉट्सॲपवर काहीतरी पाठवलंय. डोक्यानं चेंडू मारून मारून मेंदू खराब होतो म्हणे. खरं असेल का?"

वाचकहो, एक गोष्ट आधीच कबूल करतो. त्याच काकूंनी वर्षभरापूर्वी मला "हल्ली फार विसरतात" असे सांगितले होते आणि मी "वय झालंय, चालायचंच" असे उत्तर देऊन पुढच्या रुग्णाला बोलावले होते. आमच्या व्यवसायात हे वाक्य फार स्वस्त झाले आहे. काकांच्या आणि काकूंच्या परवानगीने, ओळख पटणार नाही इतके तपशील बदलून, मी ही हकीकत लिहीत आहे.

काका मूळचे मुंबईचे. एका कंपनीच्या संघातून ते आघाडीला, 'सेंटर फॉरवर्ड' म्हणून खेळत. नंतर चिंचवडच्या एका कारखान्यात लागले, तिथल्या संघातूनही काही वर्षे खेळले आणि निवृत्तीनंतर मुलाबरोबर पिंपळे सौदागरला राहायला आले. त्यांच्या पिढीतला फुटबॉलपटू म्हणजे आजच्या अर्थाने व्यावसायिक खेळाडू नव्हे. कंपनी नोकरी देई, सरावासाठी सवलत देई आणि सामन्यात गोल झाला की साहेब पाठ थोपटत. देशपातळीवरची नॅशनल फुटबॉल लीग सुरू झाली ती 1996 मध्ये. आपल्या पलीकडे, बालेवाडीच्या मैदानावर पुणे एफसीचे सामने होऊ लागले ते 2007 नंतर. तोवर काकांचे गुडघे कधीच मैदानाबाहेर गेले होते.

या जुन्या व्यवस्थेतला सर्वांत मोठा आघाडीपटू कोण, असे काकांना विचारा. आजही क्षणाचा विलंब न लावता ते उत्तर देतात : नेव्हिल डिसोझा.

नव्या पिढीला हे नाव ठाऊक नसेल, म्हणून थोडे सविस्तर सांगतो. नेव्हिल डिसोझा हे मूळ गोव्याचे, जन्म 1932 चा. खेळले मुंबईच्या टाटांच्या संघातून. 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये हंगेरीने माघार घेतल्यामुळे भारताला पहिल्या फेरीत पुढे चाल मिळाली आणि 1 डिसेंबर रोजी गाठ पडली ती यजमान ऑस्ट्रेलियाशी. भारताने तो सामना 4-2 असा जिंकला. त्यातले तीन गोल एकट्या नेव्हिलचे होते. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये अशी हॅटट्रिक करणारे ते पहिले आशियाई खेळाडू. तीनच दिवसांनी उपांत्य सामन्यात बलाढ्य युगोस्लाव्हियाविरुद्ध पहिला गोलही त्यांनीच केला. पुढे युगोस्लाव्हियाने चार गोल केले आणि कांस्यपदकाच्या लढतीत बल्गेरियाकडूनही आपण हरलो, तरी चौथे स्थान मिळाले. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये भारत त्यापुढे आजवर गेलेला नाही. चार गोलांसह नेव्हिल त्या स्पर्धेतल्या सर्वाधिक गोल करणाऱ्या तिघांपैकी एक ठरले.

आणि नंतर? अर्जुन पुरस्कार त्यांना कधीच मिळाला नाही. 16 मार्च 1980 रोजी ते गेले तेव्हा सत्तेचाळीस वर्षांचे होते. ज्या वयात माझ्याकडे लोक पहिल्यांदा रक्तदाबाची गोळी सुरू करायला येतात, ते हे वय.

काका लहान असताना वडिलांबरोबर कूपरेजवर नेव्हिलला पाहायला जात. पावसाळ्यातला फुटबॉल, गुडघाभर चिखल आणि कातडी चेंडू. कोरडा असताना चेंडूचे वजन नियमाप्रमाणे 410 ते 450 ग्रॅम. पण कातडे पाणी पिते, आणि तासाभराच्या पावसात तोच चेंडू डोक्यावर घेणे म्हणजे काय असते, हे काका हाताने कपाळ दाखवून सांगतात. विश्वचषकात पूर्णपणे कृत्रिम आवरणाचा चेंडू आला तो 1986 मध्ये. काकांची सारी कारकीर्द त्याआधीची.

आता काकूंच्या प्रश्नाकडे येतो. त्याआधी गुडघ्याविषयी दोन शब्द सांगितल्याशिवाय राहवत नाही, कारण आघाडीपटूच्या शरीरात पहिले बिल येते ते तिथे. धावता धावता एकदम थांबणे, एका पायावर वळणे, समोरच्याच्या बुटाची लाथ खाणे हा त्याचा रोजचा उद्योग. इंग्लंडमधील नॉटिंगहॅमच्या संशोधकांनी 2018 मध्ये निवृत्त व्यावसायिक फुटबॉलपटूंची सामान्य पुरुषांशी तुलना केली, तेव्हा गुडघ्याच्या संधिवाताचे प्रमाण दोन ते तीन पटींनी जास्त आढळले. पूर्वी दुखरा गुडघा इंजेक्शनने बधिर करून खेळाडूला पुन्हा मैदानात धाडण्याची पद्धत सर्रास होती. दुखणे हा शरीराचा पहारेकरी आहे. त्याला गुंगी देऊन चोराला दार उघडे ठेवण्यासारखेच ते.

काकांनी निवृत्तीनंतर तोच प्रकार गोळ्यांनी चालवला होता. मेडिकलमधून परस्पर आणलेली वेदनाशामक गोळी रोज, कधी दोनदा. सोबत रक्तदाबाचे औषध आणि मधुमेह. रक्त तपासले तर क्रिएटिनिन वाढलेले. मूत्रपिंडे कुरकुरू लागली होती आणि गुडघा तसाच होता. ज्येष्ठ वाचकांना माझी कळकळीची विनंती आहे : या गोळ्या ओळखीच्या झाल्या म्हणून निरुपद्रवी होत नाहीत. चार दिवसांपेक्षा जास्त लागत असतील तर आपल्या डॉक्टरांना दाखवा.

दुसरे बिल भुकेचे. मैदान सुटते पण ताटातली चौथी पोळी सुटत नाही. खेळताना शोभणारा आहार बसून राहणाऱ्याच्या पोटावर साठतो. वजनातला एक किलो कमी झाला तर प्रत्येक पावलागणिक गुडघ्यावरचा भार जवळजवळ चार किलोंनी हलका होतो, हे मोजून सिद्ध झालेले आहे. काकांना मी खुर्चीवर बसून पाय सरळ करून मनात दहा आकडे मोजायचा व्यायाम दिला, रोज सकाळ-संध्याकाळ. मांडीचा पुढचा स्नायू बळकट झाला की गुडघ्याला आधार मिळतो. खेळाडूला व्यायाम पटवून द्यावा लागत नाही, हा एक फायदा. त्याला "आज पन्नास झाले, बास" हे पटवून द्यावे लागते.

आणि आता डोके.

इंग्लंडमध्ये जेफ ॲसल नावाचा आघाडीपटू होता. वेस्ट ब्रॉमविच संघाचा, हेडरसाठी विशेष प्रसिद्ध. 2002 मध्ये वयाच्या एकोणसाठाव्या वर्षी स्मृतिभ्रंशाने तो गेला आणि मृत्यूची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्याने कारण नोंदवले : व्यवसायजन्य आजार. खाणकामगाराच्या फुफ्फुसाच्या आजारासाठी वापरावा तो शब्द फुटबॉलपटूच्या मेंदूसाठी वापरला गेला. पुढे 2014 मध्ये ग्लासगोचे मेंदूविकृतितज्ज्ञ विली स्ट्यूअर्ट यांनी ॲसलच्या मेंदूची पुन्हा तपासणी केली आणि मुष्टियोद्ध्यांमध्ये दिसणारी, डोक्याला वारंवार बसलेल्या धक्क्यांमुळे होणारी झीज त्यात सापडली.

याच स्ट्यूअर्ट यांच्या गटाने 2019 मध्ये स्कॉटलंडच्या 7,676 माजी व्यावसायिक खेळाडूंच्या नोंदी तेवीस हजार सामान्य पुरुषांशी ताडून पाहिल्या. मेंदूच्या झिजेच्या आजारांनी मृत्यू येण्याचे प्रमाण खेळाडूंमध्ये सुमारे साडेतीन पट निघाले. व्हॉट्सॲपवर फिरते ते एवढेच वाक्य. त्याच अभ्यासातली बाकीची वाक्ये मी काकूंना वाचून दाखवली. मृत्यूचे मुख्य कारण म्हणून असा आजार ज्यांच्या दाखल्यावर होता असे खेळाडू होते 1.7 टक्के, आणि इतरांत 0.5 टक्के. म्हणजे फरक खरा आहे, दुर्लक्ष करण्यासारखा नाही, पण शंभरातल्या बहुतेकांच्या वाट्याला तो आला नाही. शिवाय हृदयविकाराने आणि फुप्फुसाच्या कर्करोगाने जाण्याचे प्रमाण खेळाडूंमध्ये कमी होते आणि सत्तरीपर्यंत त्यांचा एकूण मृत्युदरही इतरांपेक्षा कमीच होता. खेळाने बरेच दिले आणि काही घेतले. त्याच गटाच्या 2021 मधील पुढील अभ्यासात बचावपटूंना सर्वाधिक धोका दिसला, आघाडीपटूंना त्याहून कमी पण वाढलेलाच, आणि गोलरक्षकांना जवळजवळ सामान्य माणसाइतकाच.

हा अभ्यास व्यावसायिक पुरुष खेळाडूंचा होता. आठवड्याचे पाच दिवस प्रेस शॉपमध्ये उभे राहून शनिवारी सामना खेळणाऱ्या काकांना तो जसाच्या तसा लावता येत नाही. एका विशिष्ट माणसाच्या विसरण्याचे खापर एका विशिष्ट कारणावर फोडणे तर त्याहून अवघड. आपले प्रदीपकुमार बॅनर्जी, म्हणजे पी.के., मार्च 2020 मध्ये कोलकात्यात गेले. त्यांना पार्किन्सन्स आणि स्मृतिभ्रंश दोन्ही होते. 1956 च्या संघात ते नेव्हिलचे सहकारी, 1960 च्या रोम ऑलिंपिकमध्ये कर्णधार, फ्रान्सविरुद्ध गोल करणारे. पण पी.के. बाजूने धावत जाऊन दुसऱ्याच्या डोक्यावर चेंडू देणारे खेळाडू, आणि वय त्र्याऐंशी! त्या वयात चेंडूला कधीही न शिवलेल्या माणसालाही हा आजार होतो. जर्मनीचा गर्ड म्युलर, 62 आंतरराष्ट्रीय सामन्यांत 68 गोल आणि 1974 च्या विश्वचषकाचा विजयी गोल करणारा, अल्झायमर्सने आजारी असल्याचे 2015 मध्ये जाहीर झाले. 2021 मध्ये तो गेला. पण म्युलरच्या आयुष्यात हेडरबरोबर दारूही होती. खेळ संपल्यावर रिकामपण आले, रिकामपणाबरोबर बाटली आली. जुन्या सहकाऱ्यांनी त्याला उपचारांना नेले आणि जुन्या क्लबने, बायर्न म्युनिकने, तरुण खेळाडूंना शिकवण्याचे काम दिले. त्या कामाने तो पुढे वर्षानुवर्षे उभा राहिला. डॉक्टर म्हणून मला त्याच्या गोलांपेक्षा हा भाग जास्त मोलाचा वाटतो.

तेव्हा मी काकूंना म्हणालो, "काकू, झालेले हेडर आता परत घेता येणार नाहीत. त्यांच्याव्यतिरिक्त काय काय आहे ते शोधू."

शोधल्यावर काय सापडले? काका बारा वर्षे मधुमेहासाठी मेटफॉर्मिन घेत होते आणि घर शुद्ध शाकाहारी. त्यांचे बी-12 जीवनसत्त्व अगदी तळाला गेले होते. या दोन्ही गोष्टी एकत्र आल्या की असे होते, आणि बी-12 च्या कमतरतेने विसराळूपणा येतो. दुसरे, सर्दीसाठी म्हणून कुणीतरी सुचवलेली, झोप आणणारी ॲलर्जीची गोळी ते रोज रात्री "छान झोप लागते" म्हणून घेत. अशा गोळ्या उतारवयात स्मरणशक्ती अक्षरशः झाकोळून टाकतात. तिसरे म्हणजे कान. काकांनी पंचवीस वर्षे प्रेस शॉपमध्ये काढली होती. आपल्या पिंपरी-चिंचवड, भोसरी, चाकणच्या पट्ट्यात निवृत्त कामगारांच्या घरी टीव्हीचा आवाज जिन्यापर्यंत येतो, तो उगीच नाही. ज्याला नीट ऐकूच आले नाही, त्याला ते आठवणार कुठून? आणि न ऐकणारा माणूस हळूहळू बोलण्यातून, मग माणसांतून बाजूला होतो. 2024 मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकाच्या तज्ज्ञ आयोगाने स्मृतिभ्रंशाची टाळता किंवा लांबवता येण्याजोगी चौदा कारणे सांगितली. त्यांत डोक्याला झालेली इजा आहे. पण बहिरेपण, मधुमेह, उच्च रक्तदाब, वाढलेले वाईट कोलेस्टेरॉल, नैराश्य, एकटेपणा, अधू नजर आणि प्रदूषित हवा हेही त्याच यादीत आहेत. आमच्या भागातल्या फुटबॉलपटूचा मेंदू बिघडला, तर मी चेंडूइतकाच प्रेस मशीनवरही संशय घेईन.

थायरॉइड तपासले, ते ठीक निघाले. मेंदूचा स्कॅनही केला. उतारवयात साध्या पडण्यानेही मेंदूवर हळूहळू रक्त साकळू शकते, विशेषतः रक्त पातळ करणारी औषधे चालू असतील तर, आणि ते शस्त्रक्रियेने काढता येते. म्हणून अचानक वाढलेल्या विसराळूपणात ही तपासणी टाळू नये. काकांच्या स्कॅनमध्ये तसे काही नव्हते. थोडे आक्रसणे मात्र होते. मज्जासंस्थेच्या तज्ज्ञांनी तपासून सांगितले : स्मृतिभ्रंशाची सुरुवात आहे.

बी-12 ची इंजेक्शने सुरू झाली, रात्रीची गोळी बंद झाली, वेदनाशामक थांबले, कानाला यंत्र बसले. तीन महिन्यांत काका बरेच उजळले. घरातल्या गप्पांत पुन्हा बोलू लागले, नातवाला हिशेब शिकवू लागले. पण सगळे परत आले नाही. काही नावे हरवली ती हरवलीच. पगारवाढ कधी झाली, बहिणीचे लग्न कोणत्या साली, यात गोंधळ होतो. हे मी काकूंपासून लपवले नाही आणि काकांपासूनही नाही. त्यांनी शांतपणे ऐकले आणि विचारले, "म्हणजे सेकंड हाफ सुरू झाला म्हणायचं." मला उत्तर सुचले नाही.

काळजी घेणाऱ्यांसाठी काही सांगतो, क्रम लावत बसत नाही. काकांच्या खिशात आता नाव, पत्ता आणि मुलाचा फोन नंबर लिहिलेले कार्ड असते. फिरण्याचा रस्ता रोज तोच : घरून लिनिअर गार्डन, दोन फेऱ्या, परत. दुचाकीची किल्ली मुलाने काढून घेतली. त्यावरून आठवडाभर घरात अबोला होता, आणि तो अबोला मला मान्य आहे. बँकेची कागदपत्रे, वारसनोंदी, मृत्युपत्र या गोष्टी काकांना नीट समजत असतानाच, त्यांच्याच इच्छेने पूर्ण करून घेतल्या. ही कामे "नंतर बघू" म्हणून ठेवली की नंतर ती कोर्टात बघावी लागतात. एकटे राहणाऱ्या ज्येष्ठांनी 14567 हा 'एल्डर लाइन'चा क्रमांक भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवावा. आणि एक गोष्ट माझ्या फार उशिरा लक्षात आली. दर महिन्याला काकांना घेऊन येणाऱ्या काकूंचा रक्तदाब मी दीड वर्षात एकदाही मोजला नव्हता. मोजला तेव्हा 170 होता.

स्कॉटलंडमध्ये 2009 पासून एक उपक्रम चालतो. तिथली अल्झायमर संघटना आणि फुटबॉल संग्रहालय मिळून स्मृतिभ्रंश झालेल्या मंडळींना जुन्या सामन्यांची छायाचित्रे दाखवतात आणि बोलते करतात. सकाळचा नाश्ता न आठवणारा माणूस साठ वर्षांपूर्वीचा गोल आठवतो, कारण जुन्या आठवणी मेंदूत खोल मुरलेल्या असतात. काकूंना मी हे सांगितले, तेव्हा त्यांनी माळ्यावरची पत्र्याची पेटी काढली. तीत कंपनीच्या संघाचे फोटो, एक फाटका मोजा आणि पिवळी पडलेली कात्रणे होती. रोज दुपारी चहानंतर अर्धा तास त्या पेटीचा. काकूंना फुटबॉलची आवड कधीच नव्हती. आता त्यांना 1956 चा संघ काकांइतकाच पाठ झाला आहे : थंगराज, नारायण, अझीझुद्दीन, लतीफ, केम्पय्या, नूर मोहम्मद, पी.के., बद्रू बॅनर्जी, कृष्णस्वामी, कन्नय्यन, बलराम... आणि शेवटी दोघे मिळून "नेव्हिल". हे ऐकताना काही नाव चुकले तर चूक दुरुस्त करू नका, असे मी त्यांच्या मुलाला बजावले आहे. परीक्षा घ्यायची नाही. "मग पुढे काय झालं?" एवढेच विचारायचे.

नातू आता दहा वर्षांचा आहे आणि जवळच्या टर्फवर शिकायला जातो. इंग्लंड आणि स्कॉटलंडमध्ये 2020 पासून प्राथमिक शाळेच्या वयातल्या मुलांना सरावात हेडर शिकवत नाहीत, हे मी नातवाच्या आईला सांगितले. तिने प्रशिक्षकांना सांगितले. काकांना हे मुळीच पटले नाही. "हेडर नाही तर फुटबॉल कसला?" असे ते बराच वेळ पुटपुटत होते. मी वाद घातला नाही.

मागच्या महिन्यात काकूंनी विचारले, "रविवारी टर्फवर यांना मुलांबरोबर थोडं खेळू देऊ का?" मी म्हटले, "द्या. कॅनव्हासचे बूट, गुडघ्याला पट्टा, सोबत कुणीतरी आणि फक्त पायाने." काकू नंतर सांगत होत्या, काकांनी उभ्या जागेवरून मुलांना चार पास दिले. पाचव्या वेळी दम लागला म्हणून बसले. परत येताना शिवार चौकात ते थांबले, दोन्ही रस्त्यांकडे पाहिले आणि म्हणाले, "आता डावीकडे ना?"

डावीकडेच होते.